माई जे बोलल्याच नाहीत

२६ फेब्रुवारी १३१६, राखेच्या बुधवारनंतरचा दिवस

आजपासून माझ्याकडे नवं काम आलं. भिंतीतल्या माई जे बोलतील ते शब्दन् शब्द लिहून घ्यायचं. पाद्री लाम्बेर्ट यांचा हुकूम. बिशपांकडून विचारणा झाली म्हणे, की तुमच्या गावात हाइलविग नावाची एक बाई अठरा वर्षं चर्चच्या भिंतीला लागून स्वतःला चिणून घेऊन बसली आहे, लोक तिला संत म्हणतात, तर ती त्यांना सांगते तरी काय? बोलणं शुद्ध असेल तर ठीक. नसेल तर तिच्यासकट आम्ही बायका राहतो त्या आवाराला टाळं.

"तुम्ही बेगिना म्हणजे ना धड लग्नाच्या, ना धड मठातल्या," पाद्री म्हणाले. "बायका बायका मिळून राहता, लोकर विंचरता, आजाऱ्यांचं करता, सगळं कबूल. पण तुमच्यावर नवरा नाही आणि मठाधिपतीही नाही. बिशपांना भरवसा कसा वाटावा? तेव्हा नीट लिही."

काम माझ्याकडेच येणार होतं. चाळीस बायकांत माझ्यासारखं अक्षर कुणाचं नाही. बाप कातडी चुन्यात भिजवून लिहायची चर्मपत्रं बनवायचा, त्यामुळे रांगायला लागल्यापासून मी चुन्याच्या वासात वाढले. पानं कापून झाल्यावर कडेच्या कातरणी उरतात, त्या मी ठेवून घेतल्या आहेत. हे त्यांच्यावर लिहिते आहे. चांगलं पान माईंना, कातरण मला.

माईंच्या कोठडीला दार नाही, तीन खिडक्या आहेत. एक चर्चमध्ये उघडते, तिला जाळी. एक गल्लीत, तिला काळा पडदा. लोक तिथे येऊन आपलं गाऱ्हाणं सांगतात. तिसरी आमच्या बागेकडे, हातभर रुंद. तिथून मी जेवण देते आणि आता तिथेच दौत घेऊन बसायचं.

बसले. विचारलं, "माई, आज देव काय म्हणाला?"

"आज गप्प होता," माई आतून म्हणाल्या. "मीही गप्प होते. दोघांनाही बरं वाटलं."

हे पान मी बिशपांना दाखवायचं?

६ मार्च

पाऊस. गेल्या वर्षी वसंतात सुरू झाला तो हा असा. दाणा कणसातच कुजला. आमच्याकडे आता माणशी मुठीएवढा पाव, त्यातही निम्मं भुश्शाचं पीठ, आणि कोबीचं पाणी. दवाखान्याच्या खोलीत चौदा जणी आहेत. काल दोघी गेल्या.

माईंची भूक मात्र चांगली आहे. वाडगा परत येतो तो चाटूनपुसून लख्ख. पावाचा कणही नसतो. आवाज बसलाय थोडा, ओलीने बसला असेल.

दहा दिवसांत मी जे लिहिलं ते असं: एका विणकऱ्याची बायको बाळ गेलं म्हणून आली, माई तिच्याबरोबर रडल्या. एकाची गाय मेली. माईंनी गायीचं नाव विचारलं. मग त्या गायीबद्दल बराच वेळ बोलत बसले दोघं. एक जण विचारायला आला की देव कोपलाय का. माई म्हणाल्या, "मी त्याला अठरा वर्षं पाहतेय. कोपलेला एकदाही दिसला नाही. थकलेला दिसतो कधीकधी, आजाऱ्याच्या उशाशी बसलेल्या आईसारखा."

हे शेवटचं वाक्य बिशपांना आवडेल की त्यावरूनच टाळं लागेल, मला कळत नाही. पाद्रींनी भुवया उंचावल्या आणि म्हणाले, "देव थकत नाही. खोड ते." मी खोडलं.

वेशीबाहेरच्या केर्स्टिनची मुलगी आवा गल्लीतल्या खिडकीखाली दिवसभर बसून असते. सात वर्षांची पोर. हाकललं की पुन्हा येते. माईंना किती त्रास होत असेल!

१७ मार्च, संत गर्ट्रूडचा दिवस

आज नांगर बाहेर काढायचा दिवस. एकही नांगर निघाला नाही.

दुपारी केर्स्टिन आली. वेशीबाहेर डेमर नदीच्या काठाला तिचा जमिनीचा तुकडा आहे. नवरा गेल्यावर ती एकटीच कसते. पन्नासेक माणसं तिच्या मागे उभी होती, कारण तिचा प्रश्न तोच सगळ्यांचा होता. मी बागेकडच्या खिडकीशी कान लावून बसले होते.

"माई, घरात एक पोतं जव उरलाय. बियाण्याचा. पेरला आणि कुजला तर पोर मरेल. खाल्ला तर उन्हाळ्यापर्यंत जगू आणि मग मरू. सांगा काय करायचं. पेरायचं की खायचं?"

माई म्हणाल्या, "केर्स्टिन, मला माहीत नाही."

"देवाला विचारा की."

"रोज विचारते. त्याने सांगितलेलं नाही. तू जे ठरवशील त्यात मी तुझ्याबरोबर आहे. निम्मं पेरलंस तरी, सगळं खाल्लंस तरी."

"बरोबर आहे म्हणजे काय? तुम्ही तिथे आत, मी इथे चिखलात!"

लोक कुजबुजत निघून गेले. केर्स्टिन तिथेच डोकं भिंतीला टेकून उभी होती. खरं लिहायचं तर माझा संताप झाला. अठरा वर्षं! ना सूत कातलं, ना कुणाचं गू-मूत काढलं, नुसती प्रार्थना. आणि गावाने एकदाच, एकच प्रश्न विचारला तर "मला माहीत नाही".

१९ मार्च

थोरल्या ओडाबाईंनी मला धान्याच्या खोलीत नेलं. आवार त्यांच्याच हातात आहे, चाव्यांचा जुडगा झोपेतही सुटत नाही. त्यांनी कणगीचं झाकण काढून दाखवलं. तळ दिसत होता.

"जहागीरदाराचा कारभारी भेटला," त्या म्हणाल्या. "म्हणतो, तुमची संत काही आशेचं बोलली तर लोक पेरतील, नाहीतर जमिनी टाकून पळतील. बोलली तर मालक आवाराला ओट पाठवतील. बरीच पोती."

"पण माई काही बोलत नाहीत."

"त्यांच्या मनात असतं गं. शब्द सापडत नाहीत त्यांना. तू रोज त्यांच्याजवळ बसतेस. तुला कळत असेल त्यांच्या मनातलं." त्यांनी झाकण लावलं. "मी काही सांगत नाहीये, इम्मा. आज कॅथलाइनचे पाय भुकेने सुजलेत, एवढंच सांगतेय."

कॅथलाइन माझ्याच खोलीत झोपते, गेली बारा वर्षं.

२० मार्च

मी लिहिलं.

कसं घडलं तेही लिहून ठेवते. दौत घेऊन बसले होते, माई जप करत होत्या. मला एकदम ऊब वाटली, छातीपासून बोटांपर्यंत. वाटलं, हेच ते. असंच येत असणार संतांना. आणि हात चालू लागला: "प्रभू मला म्हणाला, मी माझ्या लेकरांचं रडणं ऐकलं आहे. पेरा. संत जॉनच्या सणाला तुमची शेतं सोन्यासारखी उभी असतील."

अक्षर फार सुंदर आलं. 'प्र' ला मी लाल शाई वापरली.

कदाचित देवच बोलला असेल. माझ्यातून का बोलू नये? मी बारा वर्षं आजारी बायकांचे फोड धुतलेत.

२१ मार्च, रविवार

पाद्रींनी ते वेदीसमोर वाचलं. लोक गुडघ्यांवर पडले. केर्स्टिन हमसून हमसून रडत होती आणि आवाचे पापे घेत होती. बाहेर पडलो तर ऊन होतं! खरंखुरं ऊन, ओल्या भिंतींतून वाफा निघत होत्या. मला हसू आवरेना.

माईंनी चर्चच्या खिडकीतून सगळं ऐकलं असणारच. जेवण द्यायला गेले. त्यांनी एवढंच विचारलं, "इम्मा, तू जेवलीस का?"

२३ मार्च

ऊनच ऊन. सगळं गाव शेतावर.

माई गल्लीतल्या खिडकीत येणाऱ्या प्रत्येकाला सांगताहेत, "मी असं बोलले नाही. ऐका माझं, निम्मं तरी राखून ठेवा." लोक एकमेकांकडे बघून हसतात. म्हातारा विणकरी म्हणाला, "बघा! मोठेपणा म्हणून घ्यायचा नाही कधी. संत माणसं अशीच." आणि पडद्याचा मुका घेऊन गेला. पाद्रींनाही त्यांनी सांगितलं. पाद्री म्हणाले, "विनय शोभतो तुम्हाला."

संध्याकाळी वाडगा घ्यायला गेले तर माईंचा हात खिडकीतून बाहेर आला आणि त्यांनी माझं मनगट धरलं. हाडकुळा हात, पण पकड घट्ट.

"इम्मा, उद्या केर्स्टिन पोतं सोडणार आहे. मी ओरडून ओरडून सांगितलं. कुणी ऐकत नाही. मला दार नाही, इम्मा. तुला आहे."

"मला नाही समजलं, माई," मी म्हणाले.

त्यांनी हात सोडला. "बरं," म्हणाल्या.

मला समजलं होतं.

११ एप्रिल, ईस्टर

कारभाऱ्याकडून ओट आले. आज पहिल्यांदा पातेल्यातल्या दाट लापशीत चमचा उभा राहिला. कॅथलाइन उठून बसली, आम्ही गायलो. केर्स्टिनच्या शेतात बोटभर कोंब आलेत, ती गल्लीतल्या प्रत्येकाला हाताला धरून दाखवायला नेते. मलाही नेलं. "इम्माबाई, हे तुमच्या हातचं," म्हणाली. मी चमकले. ती म्हणाली, "म्हणजे तुम्ही लिहिलंत म्हणून कळलं ना आम्हाला."

ओटाची लापशी माईंना भरपूर दिली. वाडगा लख्ख परत.

२२ एप्रिल

कालपासून पाऊस.

३ मे

पाऊस. नदी केर्स्टिनच्या बांधापर्यंत आली.

९ मे

बांध फुटला.

१६ मे

रोज स्वतःला सांगते, संत जॉनच्या सणाला अजून पाच आठवडे आहेत. पाणी ओसरेल. पण काल शेतावर गेले होते. पाण्याखाली कोंब दिसतात, पिवळे, बोटांना लागले की सालासारखे सुटून येतात. केर्स्टिन गुडघाभर पाण्यात उभी होती. काही करत नव्हती. नुसती उभी.

गावात माणसं मरायला लागली आहेत. रस्त्याकडेचा खाजरा पालाही लोकांनी उकळून संपवला. कुणाच्या घरचं कुत्रं दिसत नाही. कॅथलाइन परवा गेली. तिचे डोळे मी मिटले. लाकूड नाही म्हणून गोणपाटात पुरली.

प्रार्थनेला बसते तर पहिलाच शब्द "प्रभू मला म्हणाला" असा ओठांवर येतो. मी तशीच उठते.

३० मे, पेंटेकॉस्टचा सण

आज त्यांनी माईंच्या खिडकीवर दगड मारले.

चर्च सुटल्यावर सुरू झालं. कुणीतरी पडद्यावर चिखल फेकला. मग ओरडा. ढोंगी! चेटकीण! बसून खाते! मी बागेत होते. भिंतीच्या या बाजूला. केर्स्टिनचा आवाज सगळ्यांत वर होता. "बोल की आता! पेरा म्हणालीस ना? ये बाहेर आणि दाखव सोनं! माझं पोतं दे परत!" मग एक दगड आत जाऊन लागल्याचा आवाज आला. तो आवाज दगडावर दगड लागल्याचा नव्हता.

आणि माईंचा आवाज आला, अगदी बारीक, "केर्स्टिन, आवा कुठेय? तिला गर्दीतून बाजूला घे, चेंगरेल."

मी पळत जाऊन सांगायला हवं होतं, ते मी लिहिलं म्हणून. मी दौतीचं झाकण लावलं. नीट, दोनदा फिरवून लावलं.

२ जून

पाद्रींनी चर्चच्या खिडकीपाशी माईंची चौकशी केली. मला उत्तरं लिहायला बसवलं. देवा, मलाच.

"या पानावरचं भाकीत तुमचं आहे की नाही?" पाद्रींनी पान जाळीला लावलं. लाल 'प्र' माझ्याकडे बघत होता.

माईंच्या कपाळाला फडकं बांधलेलं होतं, त्यावर डाग. एवढ्या वर्षांत मी त्यांचा चेहरा पहिल्यांदा नीट पाहिला. चेहरा कसला, कवटीवर कातडं. मला वाटलं होतं त्या जाड असतील. रोज तर खातात.

"मी मार्चमध्येच सांगितलं होतं," त्या म्हणाल्या.

"तेव्हाचं सोडा. मग हे लिहिणारीने खोटं लिहिलं असं म्हणता?"

माईंनी माझ्याकडे पाहिलं. रागाने पाहिलं असतं तर मी बोलले असते. तशा नाहीच बघत त्या. एखादं पोर पहिल्यांदा पाण्यात पाय टाकतं तेव्हा आई बघते, तसं. त्या थांबल्या. कितीतरी वेळ थांबल्या माझ्यासाठी.

मी खाली पानाकडे बघत राहिले.

"पानावर नाव माझं आहे ना?" माई म्हणाल्या. "मग माझ्याच नावावर राहू द्या."

"लिही," पाद्री मला म्हणाले. मी लिहिलं. अक्षर वाईट आलं.

४ जून

आज बागेकडच्या खिडकीशी गेले आणि सगळं सांगितलं. ऊब वाटली ते, लाल शाई, कॅथलाइनचे पाय, ओट, दौतीचं झाकण. गुडघे चिखलात रुतले होते. म्हणाले, "मी नरकात जाणार आहे, माई. मला माहीत आहे. मी वर बघते तर आभाळसुद्धा माझ्याकडे पाठ करून आहे."

"वर कशाला बघतेस?" माई म्हणाल्या. त्यांना दर दोन शब्दांनी थांबावं लागत होतं. "मीही पडलेय गं. या चार भिंतींत माणूस कसं कसं पडतं ते तुला काय सांगू. पहिली काही वर्षं मीही पडले की वर बघायची. तिथे कुणी नसायचं. मग एकदा उठायचा कंटाळा आला म्हणून खालीच पडून राहिले, तर तो शेजारीच होता. आधीपासून येऊन बसलेला. आपण पडायच्या आधीच तो तिथे पोचलेला असतो, इम्मा. आपण त्याच्या मांडीवरच पडतो, पण लाजेने डोळे मिटलेले असतात."

"मग तुम्ही मला माफ केलंत?"

"ते मी केलं त्याच रविवारी. पण माझ्या माफीने केर्स्टिनचं शेत कोरडं होणार नाही. पाप धुवायला बसू नकोस इथे. ज्यांचं नुकसान केलंस त्यांच्याकडे जा. तो तिथेही आधीच जाऊन बसला असेल."

हे मी चांगल्या पानावर लिहिलं नाही. कातरणीवरच राहू दे.

६ जून

केर्स्टिनकडे गेले. झोपडीच्या भिंतींना गुडघ्यापर्यंत ओल, चुलीवर पाणी उकळत होतं, त्यात कसल्या तरी साली. सांगितलं. उभ्यानेच सांगितलं, कारण बसले असते तर बोलले नसते.

ती ढवळत राहिली. मग म्हणाली, "झालं?"

"हो."

"आता सांगतेस. आता काय करू मी तुझ्या सांगण्याचं? उकळून खाऊ?" इम्माबाईची इम्मा झाले होते मी. बरं वाटलं. "पोतं होतं माझ्याकडे. भरलेलं. मी रोज त्याला हात लावून झोपायची. तुझ्या त्या लाल अक्षरापायी मी ते चिखलात ओतलं, आणि गात गात ओतलं. आणि दगड मारला कुणाला? म्हातारीला! ती ओरडून सांगत होती निम्मं ठेव, निम्मं ठेव, आणि मी हसले तिला."

मला वाटलं ती मारेल. तिने पळी उगारली आणि मग ती हातातून गळून पडली.

आवा कोपऱ्यात बसून काहीतरी चघळत होती. केर्स्टिनने तिच्या मुठीतून ते काढलं. पावाचा तुकडा. आमच्या आवारातला, मी ओळखते, भुश्शाचा.

"कुणी दिला?" केर्स्टिनने विचारलं. "कुठून चोरलास?"

"चोरला नाही," आवा म्हणाली. "पडद्यातली आजी देते. रोज देते. ती म्हणते तिला भूक नसते."

"कधीपासून?"

"थंडीपासून."

केर्स्टिन माझ्याकडे बघत राहिली. मी तिच्याकडे. रोज लख्ख धुतल्यासारखा परत येणारा तो वाडगा, आणि मी या कातरणींवर लिहून ठेवलंय, माईंची भूक चांगली आहे.

केर्स्टिन खाली बसली आणि तिने ओंजळीत तोंड खुपसून असा आवाज काढला की आवा घाबरून रडायला लागली.

९ जून

पाद्रींना एकट्यात सांगितलं. त्यांनी दार लावून घेतलं.

"पान बिशपांकडे गेलंय. त्यावर माझी सही आहे," ते म्हणाले. "तू खोटं लिहिलंस म्हटलं की सगळी पानं खोटी, मी खोटा, तुमचं आवार खोटं. बाई खोटी ठरली तर एकटी बाई खोटी ठरते. आणि तिची स्वतःची हरकत नाही. मग तुझी काय आहे?"

"त्या मरायला टेकल्यात."

"मग तर प्रश्नच मिटला," ते म्हणाले. वाईट माणूस नाही तो. घाबरलेला आहे. मला ओळखू येतं आता.

माईंना माझ्या वाटणीचा पाव घेऊन गेले. म्हणाले, माझ्यासमोर खा. त्यांनी तुकडा तोंडात धरला, पण गिळता येईना.

२४ जून, संत जॉनचा सण

पाऊसच आहे. सोनं नाही, काही नाही, पाण्याखाली गेलेलं काळं रान.

चर्च भरलेलं होतं. सगळे शिव्या घालायलाच आले असावेत. पाद्री वेदीकडे वळले तेवढ्यात मी पुढे जाऊन उभी राहिले. ओडाबाईंनी माझी बाही धरली. सुटली. मी म्हणाले, "मार्चमध्ये वाचलं ते भाकीत माईंचं नव्हतं. ते मी बनवलं. मी, इम्मा, चर्मपत्रवाल्याची मुलगी." आणि माझा आवाज गेला. ओठ हलत होते, पुढच्यांनाही काही ऐकू येत नव्हतं. माझ्या मनात आलं, चला, सुटले, कुणी ऐकलंच नाही.

तेवढ्यात जाळीमागून आवाज आला, कोरड्या पाल्यासारखा.

"जरा मोठ्याने, इम्मा. मागच्यांना ऐकू येत नाहीये."

मग मी मोठ्याने सांगितलं. सगळं. पहिल्यापासून.

केस धरून मला बाहेर काढलं. कुणी काढलं माहीत नाही, बरेच हात होते. केर्स्टिन मध्ये पडली. नाहीतर हे लिहायला मी नसते.

२५ जून

ओडाबाईंनी माझं गाठोडं वेशीबाहेर आणून दिलं. आवाराचा झगा काढून घेतला. शिक्षा अशी: तीन रविवार नुसत्या पातळ सदऱ्यावर, हातात मेणबत्ती घेऊन चर्चच्या पायरीवर उभं राहायचं आणि मग गावात राहायचं तर राहा, आवारात नाही.

"मी तुला कधी सांगितलं होतं का लिही म्हणून?" ओडाबाईंनी विचारलं.

"नाही," मी म्हणाले.

चाव्यांचा जुडगा आज कमरेला नव्हता. "नाही ना?" त्यांनी पुन्हा विचारलं, आणि उत्तर न घेताच गेल्या.

केर्स्टिन म्हणाली, "झोपडीत कोपरा आहे. ओला आहे. आणि मी तुला माफ केलेलं नाही, आधीच सांगून ठेवते."

२७ जून

माई गेल्या. पहाटे आवा खिडकीशी गेली, हाक मारली, ओ आली नाही.

गवंड्याने भिंत फोडली. आत जायला कुणी तयार होईना, सगळ्यांना आपापला दगड आठवत असावा. केर्स्टिन आणि मी गेलो. चार पावलांची खोली. दिवस असून अंधार. माई गल्लीतल्या खिडकीखाली भिंतीला टेकून बसल्या होत्या, हात पडद्याजवळ. मी त्यांना एकटीने उचललं. लोकरीचं गाठोडं याहून जड असतं.

आम्ही दोघींनी त्यांना धुतलं. कपाळावरच्या जखमेपाशी केर्स्टिनचा हात थांबला. मी फडकं घ्यायला हात पुढे केला, पण तिने दिलं नाही. तिनेच ती जखम धुतली, फार हळू, जणू दुखेल.

मला रडू आलं नाही. मी विचार करत होते की त्या म्हणाल्या तसं, शेजारी खरंच कुणी बसलेलं आहे का. मला काही दिसलं नाही. केर्स्टिन होती.

१४ ऑक्टोबर

बऱ्याच दिवसांनी. लिहिण्यासारखं काही नव्हतं. लोकर विंचरते, जंगलात ओकची फळं वेचतो, तीनदा उकळून कडूपणा जातो. केर्स्टिनला ताप येऊन गेला. माफ केलंय असं ती अजून म्हणत नाही. काल मात्र माझ्या फाटक्या सदऱ्याला ठिगळ लावून दिलं, न सांगता.

आज पाद्रींनी बोलावलं होतं. आवाही बरोबर आली.

माईंच्या भिंतीचा चुना लोक आता खरवडून नेतात. एकाचा ताप उतरला म्हणे, एकाची गाय व्याली. पाद्री खुशीत होते. "बिशपांनी हाइलविगचं चरित्र मागवलंय," ते म्हणाले. "तुझ्यासारखं अक्षर कुणाचं नाही. ओडाबाई तुला परत घ्यायला तयार आहेत. झगा, खोली, रोजचं जेवण. पाऊस थांबला तो तिच्या प्रार्थनेने, तिला मरणाचा दिवस आधी कळला होता, असं सगळं छान लिही. आणि ते भाकीत, ते पुढच्या वर्षाबद्दल होतं असंही म्हणता येईल."

टेबलावर पाव होता. मी त्याच्याकडे बघत होते हे त्यांनी पाहिलं आणि तो माझ्याकडे सरकवला. मी आवाला दिला. मग कोरं पान ओढलं आणि उभ्याउभ्याच लिहिलं:

"हाइलविगने स्वतःचा पाव रोज एका मुलीला दिला आणि ती उपाशी मेली. विचारलेल्या गोष्टी तिला माहीत नसल्या तर ती माहीत नाही म्हणायची. तिने कधीही भाकीत केलं नाही."

पाद्रींनी वाचलं. उलटून पाहिलं, मागे काही आहे का.

"यात चमत्कार कुठेय?" ते म्हणाले.

मी आवाकडे बोट दाखवलं. ती पावाचे कण फ्रॉकवरून वेचून खात होती, नाक वाहत होतं.

"ही कोण?" त्यांनी विचारलं.

चरित्र आता लूव्हेन शहरच्या मठातला कुणी साधू लिहिणार आहे. आम्ही परत निघालो. वेशीपर्यंत आवा चालली, मग म्हणाली पाय दुखतात. पाठीवर घेतली. बांधावरून जाता जाता झोपली. चांगलीच जड लागत होती, दोनदा थांबून मला श्वास घ्यावा लागला.